सहा ते नऊ

"संध्याकाळी सहा ते रात्री नऊ, हा मुलगा कुठे असतो?"

परिविक्षा (प्रोबेशन) अधिकारी मॅडमनी हे विचारलं तेव्हा घरात आम्ही पाच-सहा मोठी माणसं बसलो होतो. बहीण म्हणाली, गावातच असतो. मेहुणे म्हणाले, क्लासला जातो. क्लास दिवाळीपासून बंद पडलाय हे त्यांना माहीतच नव्हतं. मी तालुक्याला राहणारा, मला विचारून उपयोग नव्हता. शेवटी बाजेवर बसलेली बहिणीची सासू बोलली, "सांजले तो घरमा कव्हयच नही ऱ्हास. रातले येस, आनि जेवस बी नही." मॅडमनी मान वर न करता तेवढंच लिहून घेतलं.

माझा भाचा तेव्हा सोळा वर्षांचा होता आणि मोटारसायकल चोरीच्या प्रकरणात सापडला होता. त्याचं नाव, गाव मी लिहिणार नाही. बाल न्याय कायद्याच्या कलम 74 प्रमाणे अशा मुलाची ओळख उघड करता येत नाही, आणि कायदा नसता तरी केली नसती. सुरत-भुसावळ लाईनीवरच्या एका तालुक्याच्या गावी माझं मोटार रिवाइंडिंगचं दुकान आहे, एवढं पुरे. त्या प्रकरणापासून नात्यातल्या कुणाच्या पोरानं काही केलं की मला फोन येतो, "तुमनं कसं झालं व्हतं भाऊ?" दरवेळी फोनवर अर्धवट सांगून होतं. म्हणून एकदा सगळं लिहून काढतोय.

2024 चा नोव्हेंबर. कापूस वेचणी चालू, रब्बीची पाणी भरणी चालू, त्यामुळे जळक्या मोटारींची दुकानात रांग. तेवढ्यात बहिणीचा फोन. ती नीट बोलूच शकत नव्हती. "भाऊ, मना पोऱ्या असा नही शे रे," एवढंच पुन्हा पुन्हा. पोलीस ठाण्यात पोचलो तर तो विशीतल्या दोघा पोरांच्या शेजारी भिंतीला टेकून बसलेला. तिघांकडून गाड्या मिळाल्या होत्या. सातपुड्याकडच्या गावांत अशा गाड्या 'पेपर नंतर देतो' म्हणून निम्म्याहून कमी भावात जातात, घेणाऱ्यालाही सगळं कळत असतं.

पहिला घोळ वयाचा. आधार कार्डावर त्याची जन्मतारीख 1 जानेवारी 2006 पडलेली. आमच्याकडे निम्म्या गावाचा जन्म 1 जानेवारीचा आहे, कॅम्पमध्ये ज्यानं नोंदणी केली त्याची कृपा. त्या हिशोबानं पोरगा अठरा पूर्ण, म्हणजे त्या दोघांच्याच रांगेत. शाळेच्या दाखल्यावर मात्र ऑगस्ट 2008. कलम 94 मध्ये वयाच्या पुराव्याचा क्रम ठरलेला आहे: आधी शाळेचा दाखला किंवा दहावीचं प्रमाणपत्र, ते नसेल तर ग्रामपंचायत-नगरपालिकेचा जन्मदाखला, तोही नसेल तर वैद्यकीय तपासणी. त्यात आधार कुठेच नाही. हे मला तिथल्याच एका हवालदारानं हळूच सांगितलं, त्याचे उपकार आहेत. मुख्याध्यापकांना रात्री झोपेतून उठवलं. दाखला आला आणि प्रकरणाची दिशाच बदलली. त्याला त्या दोघांपासून वेगळं बसवलं, दुसऱ्या खोलीत नेलं, साध्या कपड्यातले एक साहेब येऊन बोलले. प्रत्येक ठाण्यात एक बाल कल्याण पोलीस अधिकारी नेमलेला असतो, ते हेच. अशा मुलाला कोठडीत ठेवता येत नाही, बेडी घालता येत नाही आणि चोवीस तासांच्या आत, प्रवासाचा वेळ सोडून, बाल न्याय मंडळापुढे न्यावं लागतं. कोणाचं पोरगं सापडलं तर वकील शोधण्याच्या आधी शाळेचा दाखला शोधा, एवढंच मी फोनवर पहिल्यांदा सांगतो.

ठाण्याबाहेर मिटवून देणारे उभे होतेच. एक तर आमच्याच भाऊबंदकीतला. मेहुणे सुरतेहून निघाले होते, त्यांनी गाडीतूनच फोन करून सांगितलं, काय द्यायचं ते देऊन टाका. मी दिलं नाही. तत्त्वाची गोष्ट नव्हती. एकटं पोरगं असतं आणि असाच किरकोळ गुन्हा असता तर गुन्हाच दाखल झाला नसता, ठाण्याच्या डायरीत नोंद घेऊन मंडळाकडे अहवाल गेला असता. पण इथे सज्ञान दोघे सोबत होते, त्यामुळे एफआयआर व्हायचाच होता. दुसरं म्हणजे, पोरानं त्या दोघांचं पैशांचं काही देणं केलंय एवढं तोवर मला कळलं होतं. प्रकरण दाबलं असतं तर ते देणं तसंच राहिलं असतं आणि दोघे सुटून आल्यावर वसुलीला परत आले असते.

मंडळ जळगावला. मी कोर्ट म्हणजे उंच टेबल, काळा कोट, पुकारा असं धरून गेलो होतो. इथे साधी खोली, एका टेबलाभोवती तिघं: एक न्यायदंडाधिकारी आणि दोन समाजकार्यकर्ते सदस्य, त्यातली एक तरी बाई असावीच लागते. पोलीस साध्या वेशात. पोराला बसायला खुर्ची दिली. मॅजिस्ट्रेटनी पहिल्यांदा विचारलं ते, जेवलास का. मग ठाण्यात कुणी मारलं का. वकील जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून फुकट मिळाला, वयानं तरुण होता पण कागद वाचून आला होता. आरोपी हा शब्द त्या खोलीत कुणी वापरला नाही. कागदावर 'विधिसंघर्षग्रस्त बालक' असं लिहितात. बोलायला जड आहे, पण बहिणीनं तो कागद हातात घेतला आणि त्यातला 'बालक' एवढाच शब्द दोनदा वाचला.

त्यांनी लगेच सोडलं नाही. जामीन हा या मुलांचा जवळजवळ हक्कच आहे. पण सोडल्यानं तो गुन्हेगारांच्या संगतीत जाईल किंवा त्याला धोका होईल असं दिसलं, तर कलम 12 खाली मंडळ नाही म्हणू शकतं. बाई सदस्यांनी सरळ विचारलं, "घरी कोण आहे?" वडील उधन्याच्या साडीच्या मिलमध्ये, दोन-अडीच महिन्यांनी येणार. आई सकाळपासून मजुरीला. आजी थकलेली. काही दिवस तो निरीक्षणगृहात, म्हणजे चौकशी चालू असताना अशा मुलांना ठेवतात तिथे, राहिला. पुढच्या तारखेला मी हमीपत्र लिहून दिलं की तो माझ्याकडे तालुक्याला राहील, तारखांना मी त्याला हजर करीन, त्या लोकांशी संबंध येऊ देणार नाही. मग सोडलं.

त्या तारखांच्या निमित्तानं रेल्वेचे फेरे झाले. एकदा आमच्यासोबत मेहुण्यांचे एक काका होते. त्यांनी सगळ्या डब्याला ऐकू जाईल अशा आवाजात निदान केलं, "हे रक्तातच असतं, त्याचा आजोबाही असाच होता." पोरगं खिडकीतून बाहेर बघत होतं. गाडी तेव्हा धरणगावला थांबली होती, आणि मला आमच्या इतिहासाच्या सरांची आठवण आली. ज्या भिल्लांना सगळे दरोडेखोर म्हणत, त्यांच्यातूनच भरती करून इंग्रजांच्या औट्रम नावाच्या अधिकाऱ्यानं 1825 पासून इथे धरणगावला भिल्ल पलटण उभी केली आणि खानदेशाच्या बंदोबस्ताला लावली, हे सर दरवर्षी सांगायचे. जंगल-डोंगरावरचे हक्क गेलेल्या माणसांना पगार आणि काम मिळालं तर काय होतं, हे इंग्रजांना तेव्हा कळलं होतं. त्याच इंग्रजांनी 1871 मध्ये अख्ख्या जमातींना जन्मानंच गुन्हेगार ठरवणारा कायदा केला, आणि तो जायला 1952 उजाडलं. काकांना यातलं काही सांगितलं नाही. सांगून ऐकणारे नव्हते ते, आणि तिकीटही मीच काढलेलं होतं.

आता त्या भेटीविषयी, कारण या सगळ्यात खरं काम तिथे झालं. मंडळ परिविक्षा अधिकाऱ्याला सामाजिक तपासणी अहवाल करायला सांगतं. मॅडम एसटीनं गावात आल्या. आम्हाला वाटलं चहा घेतील, सही घेतील, जातील. त्या दुपारपासून अंधार पडेपर्यंत होत्या. आधी सगळ्यांसमोर, मग बहिणीशी वेगळं, मग आजीशी, मग पोराशी एकट्याशी बाहेर निंबाच्या झाडाखाली. मग शेजारी. दुसऱ्या दिवशी कॉलेजात. अकरावी सायन्सला नाव होतं, हजेरी नावापुरतीही नव्हती.

छापील फॉर्मच असतो तो, लांबलचक. घरात कोणाचं कोणाशी पटतं. मारहाण कोण करतं, कशानं करतं. मित्र शिकलेले की शाळा सोडलेले, बरोबरीचे की वयानं मोठे. खर्चाचे पैसे कोण देतं. व्यसन. शाळेबद्दल काय वाटतं. फावल्या वेळात काय करतो. संस्कार हा शब्द त्यांनी एकदाही काढला नाही. आम्हीच काढत होतो. मेहुणे म्हणाले, "मॅडम, आमच्या घरात माळकरी माणसं, संस्कारांत काही कमी नाही." त्यांनी विचारलं, गेल्या महिन्यात तुम्ही त्याच्याशी फोनवर किती वेळ बोललात, आणि कशाबद्दल? बोलणं मार्कांबद्दल झालं होतं. मेहुणे वाईट माणूस नाहीत. मिलमध्ये बारा तास उभं राहून मिळालेला पैसा ते घरी पाठवतात, आले की पोराला नवे बूट आणतात, आणि त्याच मुक्कामात एकदा पट्ट्यानं मारतात. त्यांचे वडीलही असेच होते, फक्त बूट नव्हते.

पैशांची गोष्ट पोरानं निंबाखाली मॅडमना सांगितली. आमच्याकडे आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, घागर भरतात, लेकी माहेरी येतात, झोके बांधतात, गौराईची गाणी होतात, आणि पुरुष ओट्यावर पत्ते मांडून बसतात. जुगारच तो, पण त्या दिवशी त्याला जुगार म्हणत नाहीत. पोरंही दहा-वीस रुपये लावतात आणि मोठे हसतात. आमचा तिथेच शिकला. मग मोबाइलवरची रमी आली. पैसे लावून खेळायच्या अशा ऑनलाइन खेळांवर केंद्राचा बंदीचा कायदा 2025 च्या ऑगस्टमध्ये झाला, तेव्हा तो कायदा नव्हता. आधी जिंकला, मग हरला, मग त्या दोघांकडून घेतले, परत हरला. कोणाला सांगायचं? बापाला सांगितलं तर पट्टा, आईला सांगितलं तर रडणं. मामाला का नाही सांगितलं, असं मी नंतर विचारलं तर म्हणाला, "तुम्ही पप्पांना सांगितलं असतं." सांगितलं असतंच. त्या दोघांनी हिशोब फेडायचा रस्ता सुचवला: गाडी काढताना रस्त्यावर उभं राहून लक्ष ठेवायचं, नंतर ती चालवत न्यायची. हे सगळं संध्याकाळच्या त्या तीन तासांत ठरत गेलं. गावाबाहेरच्या कापसाच्या बंद जिनिंगच्या मागे हे लोक बसत. अख्ख्या गावाला ती जागा माहीत होती.

माझ्या धंद्यात मोटार जळून येते तेव्हा शेतकरी म्हणतो, मोटारच डुप्लिकेट निघाली. आम्ही उघडायच्या आधी विचारतो, व्होल्टेज किती येतं, विहिरीत पाणी होतं का, स्टार्टर कुणी डायरेक्ट केला होता का. मॅडमचा फॉर्म मला त्या जातीचा वाटला. एरवी शिकलेल्या लोकांचा मला जरा कंटाळाच आहे, पण या बाईंबद्दल आदर वाटला.

मंडळानं समुपदेशनही लावलं. त्याबद्दल फार सांगण्यासारखं नाही. पोरगं सुरुवातीला हूं-हूं करायचं. एकदा तिकडे गेल्याचं सांगून जळगावात भटकून आलं. ते उघडं पडलं, मी मॅडमना कळवलं, त्यांनी पुढच्या वेळी मलाही बसवलं. समुपदेशकांनी एक मात्र उपयोगाचं सांगितलं. टेरी मॉफिट नावाच्या मानसशास्त्रज्ञ बाईंनी 1993 मध्ये मांडलं की गुन्ह्याकडे वळणारी पोरं ढोबळमानानं दोन प्रकारची. थोडी अशी, ज्यांचं अगदी लहानपणापासून बिघडत येतं आणि मोठेपणीही सुटत नाही. बहुतेक मात्र चौदा-पंधरानंतर मोठ्या पोरांचं बघून करतात, आणि कामधंदा, संसार, जबाबदारी आली की बंद होतात. न्यूझीलंडमधल्या डनेडिन शहरात 1972-73 मध्ये जन्मलेल्या हजारावर मुलांचा वर्षानुवर्षं पाठपुरावा चालू आहे, त्यात त्यांचं काम आहे. दुसऱ्या प्रकारच्या पोराला पहिल्यांत नेऊन बसवू नका, असं समुपदेशक म्हणाले.

हे मला पटलं, कारण तेव्हा गावात दुसरंच चाललं होतं. एकदा जेल दाखवून आणा, भीती बसली की सरळ होतो, असा सल्ला देणारे डझनभर होते. अमेरिकेत पोरांना तुरुंगात नेऊन कैद्यांकडून दरडावून घेण्याचे कार्यक्रम खूप वर्षं चालले. तपासल्यावर दिसलं की तिकडे नेलेल्या पोरांनी न नेलेल्यांपेक्षा जास्तच गुन्हे केले. हेही समुपदेशकांनीच सांगितलं. गावात सांगून पाहिलं. कुणाला पटलं नाही.

मग उरलं ते रोजचं. सकाळी कॉलेज, दुपारी जेवण, आणि सहा ते नऊ माझ्या दुकानात. कामाला ठेवू नका, शिकू द्या, आणि करंटच्या कामाला हात लावू देऊ नका, असं मॅडमनी बजावलं होतं. सोळा वर्षांच्या मुलाला धोक्याच्या कामावर ठेवता येत नाही. त्यामुळे तो वह्या घेऊन बसायचा, जुनी कॉपर सोडवायचा, गिऱ्हाइकाचं नाव-नंबर लिहायचा. हातात कला वगैरे काही निघाली नाही. गोष्टींमध्ये अशी पोरं एकदम हुशार कारागीर निघतात. आमचा निघाला नाही. एक कॉइल उलटी बांधून ठेवली, माल वाया. बरेच दिवस तोंड पाडून बसायचा, फोन माझ्याकडे ठेवल्याचा राग वेगळा. माझी बायको सुरुवातीला नाराज होती, आमचीही पोरगी दहावीला, आणि तिचं म्हणणं चुकीचं नव्हतं. मग तीच नऊ वाजता आम्हा दोघांसाठी ताट वाढून थांबायला लागली. बहीण रोज आठ वाजता फोन करायची आणि काय केलंस, काय खाल्लंस विचारायची. मेहुण्यांना मॅडमनी सांगितलं होतं, मार्कांचा विषय काढायचा नाही, तर त्यांना बोलायला काही सुचेना. मग ते मिलमधल्या गोष्टी सांगायला लागले. कुठला रंग कपड्यावर कसा चढतो, बॉयलर बंद पडला तर काय होतं. पोरगं ऐकायचं.

चौकशी चार महिन्यांत संपवायची असते, फार तर दोन महिने वाढवून मिळतात. त्या दोघांचा खटला वेगळ्या कोर्टात चालू आहे. मुलाची आणि सज्ञानाची सुनावणी एकत्र होत नाही. आमच्या पोरानं मंडळापुढे सगळं कबूल केलं. त्यांना कलम 18 खाली बरेच पर्याय असतात, समज देऊन सोडण्यापासून तीन वर्षं विशेष गृहात ठेवण्यापर्यंत. त्यांनी अहवाल समोर ठेवून समज दिली, काही तास समाजसेवा लावली आणि वर्षभर माझ्या देखरेखीखाली परिविक्षेवर सोडलं. समाजसेवा म्हणजे नगरपालिकेच्या बागेत झाडांना पाणी घालणं. तिथे वर्गातल्या पोरांनी पाहिलं तर काय, या भीतीनं तो टोपी घालून जायचा.

त्या उन्हाळ्यात आयटीआयचा फॉर्म भरताना बहिणीला धास्ती होती की यात लिहावं लागेल का. कलम 24 नुसार अशा निकालानं मुलाला पुढे कसलीही अपात्रता येत नाही, आणि कागदपत्रं ठरलेल्या मुदतीनंतर नष्ट करायची असतात. वायरमन ट्रेडला नंबर लागला.

गाडीच्या मालकाकडे जायला मंडळानं सांगितलं नव्हतं, ते मी ठरवलं. दूध घालणारा माणूस, जुनी स्प्लेंडर. गाडी त्याला कोर्टातून परत मिळाली होती, पण मधले काही आठवडे त्यानं सायकलवर कॅन वाहिले होते. पोरगं खाली मान घालून उभं राहिलं, माफी मागितली. त्यानं ऐकून घेतलं आणि म्हणाला, "टाकी फुल होती." मी म्हटलं, भरून देतो. तो म्हणाला, तुम्ही नाही, हा देईल. आयटीआयच्या सुट्टीत पोरानं केळीच्या बागेत पील, म्हणजे बुंध्याजवळचे कोंब, काढायला जाऊन पैसे आणले आणि पेट्रोल भरून दिलं. पंपावर मालक स्वतः काट्याकडे बघत उभा होता.

यंदाच्या आखाजीला सगळे गावी जमलो. मेहुणेही सुरतेहून आले. आदल्या रात्री मी विषय काढला की या वर्षी आपल्या ओट्यावर पत्ते नकोत. मेहुणे गप्प. रक्ताची गोष्ट काढणारे काका भडकले, "बापदादानी रीत शे ती!" बरीच बाचाबाची झाली. बहिणीची सासू आतून म्हणाली, मना ओट्यावर नही. घर तिच्या नावावर आहे, त्यामुळे विषय संपला. दुसऱ्या दिवशी घागर भरून, मांडे-रस जेवून काकांनी पत्त्यांचा जोड उचलला आणि डाव शेजारच्या ओट्यावर नेला. मेहुणेही थोड्या वेळानं तिकडे गेले. तासाभरानं हरून परत आले आणि पोराला म्हणाले, चल, झोक्याचा दोर ढिला झालाय, बांधून देऊ.